खाडा कोण भरून देणार?

"खेळात आरक्षण नसतं, म्हणूनच तिथे खरी गुणवत्ता दिसते." नाशिकमध्ये आरक्षणाचा विषय निघाला की हे वाक्य हमखास आमच्या तोंडावर फेकले जाते. आमची काही पोरेही ते ऐकून गप्प बसतात. गप्प बसण्याचे कारण नाही. या वाक्याला उत्तर आहे, आणि ते आपल्या वस्तीतल्या एकाच शब्दात आहे : खाडा.

खाडा म्हणजे काय, हे नाक्यावर उभ्या राहणाऱ्या आपल्या बापाला विचारा. कामावर गेला नाहीस तर त्या दिवसाची मजुरी बुडाली. ज्याच्या घरात खाडा हा शब्दच नाही, तो खेळतो हौसेने. ज्याच्या घरात खाड्याच्या दिवशी चूल पेटायची भ्रांत असते, त्याने सराव कधी करायचा?

हा प्रश्न इंग्लंडमध्ये १८९५ सालीच पेटला होता. उत्तर इंग्लंडच्या खाणीत आणि गिरणीत राबणारे कामगार रग्बी खेळत. सामन्यासाठी काम बुडले की मजुरी बुडे. क्लबांनी मागणी केली की हा खाडा भरून द्या. खेळाचा कारभार हाकणारे साहेबलोक म्हणाले, पैसे घेऊन खेळणे हा खेळाचा विटाळ आहे, परवडत नसेल तर खेळू नका. तेव्हा २९ ऑगस्ट १८९५ रोजी हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात क्लबांची बैठक झाली आणि ते फुटून बाहेर पडले. खाड्यापोटी दिवसाला सहा शिलिंगांपर्यंत भरपाई सुरू झाली. आज ज्याला रग्बी लीग म्हणतात, तो खेळ मजुरीच्या हक्कातून जन्मला. साहेबांच्या रग्बी युनियनने मात्र लीगचा पैसा घेणाऱ्याला बहिष्कृत ठरवले आणि पुढची शंभर वर्षे, १९९५ पर्यंत, हौशीपणाचे सोवळे सोडले नाही.

या लीगमधला एक खेळाडू आपल्या पोरांना माहीत असायला हवा. त्याचे नाव बिली बोस्टन. जन्म १९३४, कार्डिफच्या टायगर बे या गोदी कामगारांच्या वस्तीत. बाप सिएरा लिओनचा, म्हणजे पोरगा काळा. तो विंगर होता. मैदानाच्या कडेने चेंडू घेऊन सुसाट धावायचे आणि प्रतिस्पर्ध्याच्या रेषेपलीकडे तो टेकवायचा, हे विंगरचे काम. त्याला ट्राय म्हणतात. आपल्या शहराच्या कार्डिफ क्लबकडून खेळावे ही त्याची इच्छा होती. ते बोलावणे आले नाही. १९५३ मध्ये विगन या खाणकामगारांच्या गावाने त्याला तीन हजार पौंड मोजून करारबद्ध केले. त्याने कारकिर्दीत ५७१ ट्राय केले, त्यांतले ४७८ एकट्या विगनसाठी. तरीही १९५७ मध्ये ब्रिटनचा संघ प्रदर्शनीय सामन्यांसाठी दक्षिण आफ्रिकेत उतरला, तेव्हा वर्णभेदामुळे बोस्टनला बाहेर ठेवून संघ खेळला. गुणवत्ता कमी पडली होती का?

२०२३ मध्ये कार्डिफने त्याचा पुतळा उभारला. २०२५ मध्ये, वयाच्या नव्वदीत, त्याला सर ही पदवी मिळाली. तरुणपणी जर्सी दिली नाही, म्हातारपणी पुतळा दिला. ही रीत आपल्या ओळखीची आहे.

आपल्याकडचा बोस्टन म्हणजे पालवणकर बाळू. चांभार समाजातला हा मुलगा पुण्यात इंग्रजांच्या मैदानावर खेळपट्टी लाटण्याच्या तुटपुंज्या पगारावर लागला आणि साहेबांना गोलंदाजी करता करता देशातला सर्वोत्तम फिरकीपटू झाला. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्याने शंभराहून अधिक बळी घेतले. पण चहाच्या वेळी त्याचा चहा वेगळ्या मातीच्या भांड्यात, आणि हिंदू संघाचे कर्णधारपद त्याला कधीच नाही. १९३७ मध्ये बाळू काँग्रेसकडून बाबासाहेबांच्या विरोधात उभे राहिले आणि हरले, हे आम्ही विसरलेलो नाही. पण म्हणून त्या मातीच्या भांड्याचा अपमान खोटा ठरत नाही.

आता आपल्या जिल्ह्यात या. हरसूलजवळच्या सावरपाड्याची आदिवासी मुलगी कविता राऊत. २०१० मध्ये दिल्लीच्या राष्ट्रकुल स्पर्धेत १०,००० मीटरमध्ये कांस्य, त्याच वर्षी ग्वांगझूच्या आशियाई स्पर्धेत रौप्य, २०१२ चा अर्जुन पुरस्कार, २०१६ मध्ये रिओची मॅरेथॉन. चांदवड तालुक्यातल्या तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ विहिरी खणणाऱ्या बापाचा मुलगा. तो रिओ ऑलिंपिकपर्यंत नौका वल्हवत गेला. दोघांचा खाडा कुणी भरला? कवितेचा ओएनजीसीच्या नोकरीने, दत्तूचा लष्कराने. सरकारी पगार होता म्हणून गुणवत्ता दिसली. आणि त्याच कविता राऊत यांना २०२४ मध्ये जाहीरपणे सांगावे लागले की राज्याच्या सेवेतील नियुक्तीसाठी आपल्याला वर्षानुवर्षे ताटकळत ठेवले, आदिवासी म्हणून डावलले. सत्कारात शाल देणारे हात नियुक्तीपत्रावर सही करताना का थांबतात?

म्हणून आम्ही म्हणतो, खेळात जात आम्ही आणत नाही. ती मैदानावर आधीच बसलेली आहे. सरकारी नोकऱ्या कंत्राटी करणे, सार्वजनिक उद्योग विकणे म्हणजे आपल्या पोरांचा खाडा भरणारे शेवटचे हात छाटणे. राज्यात खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण कागदावर आहे. त्या जागा किती भरल्या, कुणाला मिळाल्या, हे माहितीच्या अधिकारात विचारा. समाजकल्याण आणि आदिवासी वसतिगृहांत मैदान आहे का, प्रशिक्षक आहे का, खेळणाऱ्या मुलाला पुरेल एवढे अन्न आहे का, हे जाऊन बघा.

आणि एक हिशोब स्वतःलाही मागा. १४ एप्रिलच्या मिरवणुकीत डीजेवर जी रक्कम जाते, तिच्यात वस्तीतल्या किती मुला-मुलींचे बूट, दूध आणि सहा महिन्यांचा खाडा निघेल? सरकारला जाब विचारायचाच. पण तोवर वस्तीतली एक मुलगी तरी आपल्या जिवावर धावली पाहिजे.

जय भीम.