प्रतीक्षा यादींतील उमेदवारांचा वाली कोण?

सरकारी नोकरभरतीचा निकाल लागला म्हणजे दोन याद्या निघतात. एक निवड झालेल्यांची, दुसरी प्रतीक्षेंत ठेवलेल्यांची. हिंगोली, वसमत, कळमनुरी, सेनगांव व औंढा नागनाथ या पांचही तालुक्यांत कुणब्याच्या, सुताराच्या, कुंभाराच्या पोराचें नांव दुसऱ्या यादींत आलें, कीं सारें घर त्या एका ओळीवर आशा बांधून बसतें. हळदीचा पैसा पोराच्या खोलीभाड्यांत जातो. बहिणीचें लग्न ‘दादाचें नक्की होऊं दे’ म्हणून पुढें ढकललें जातें. अखेर मुदत सरते, यादी मरते; आणि ती कां मेली हें कोणी सांगत नाहीं.

ही यादी कशासाठीं असते हें आमच्या वाचकांनीं नीट समजून घ्यावें. निवडलेला उमेदवार रुजू झाला नाहीं, किंवा कागदपत्रांच्या तपासणींत अपात्र ठरला, तर ती जागा यादींतील पुढच्या पात्र उमेदवारास मिळावी, एवढाच तिचा हेतु. पुढें नव्यानें रिकाम्या होणाऱ्या जागा भरण्याचें तें अखंड कोठार नव्हे, असें सर्वोच्च न्यायालयानें गुजरातच्या एका खटल्यांत १९९४ सालीं सांगितलें. तसें नसतें तर मागाहून वयांत येणाऱ्या पोरांची वाट बंद झाली असती.

त्याआधीं १९९१ सालीं शंकरसन दाश खटल्यांत पांच न्यायाधीशांनीं निकाल दिला, कीं यादींत नांव आल्यानें नेमणुकीचा पक्का हक्क मिळत नाहीं; परंतु सरकारलाही मनमानी करतां येत नाहीं. नोव्हेंबर २०२४ मध्यें तेजप्रकाश पाठक खटल्यांत पांच न्यायाधीशांनीं तेंच पुन्हां बजावलें. जागा रिकाम्या असतां पात्र माणसास वगळलें, तर त्याचें कारण सरकारनें दिलें पाहिजे.

या निकालांतील पहिला भाग आमच्या लोकांनीं ऐकला नाहीं, आणि दुसरा भाग अधिकाऱ्यांनीं! अर्जास उत्तर द्यावयाचें नाहीं, मुदत सरूं द्यावयाची, मग ‘यादी संपली’ म्हणून हात झटकावयाचे, हा न्याय कीं चालढकल?

अशा वेळीं गरिबानें कोर्टांत जावें म्हणणें सोपें आहे. हिंगोली १९९९ सालीं परभणींतून निघून स्वतंत्र जिल्हा झाला. पण राज्य सरकारच्या नोकरीचा तंटा प्रशासकीय न्यायाधिकरणापुढें, आणि जिल्हा परिषदेच्या नोकरीचा उच्च न्यायालयांत! दोहोंचीं जवळचीं खंडपीठें छत्रपती संभाजीनगरास, म्हणजे दोनशे किलोमीटरांहून दूर. एकेका तारखेस रोजगार बुडतो, वकिलाची फी वेगळीच.

म्हणून सरकारकडे आमचें मागणें साधें आहे. किती रुजू झाले, किती जागा राहिल्या, पुढें कोणाचा क्रम, हें दरमहा जाहीर करावें. मुदत संपण्यापूर्वीं यादी वापरावी, नाहीं तर कारण लेखी द्यावें. यास नवा पैसा लागत नाहीं, दानत लागते.

आमच्या तरुणांसही दोन शब्द. नुसतें वाट पाहत बसूं नका. जाहिरात व यादी जपून ठेवा. मुदतींतच लेखी अर्ज करून पोंच घ्या. २००५ च्या माहिती अधिकार कायद्यानें दहा रुपयांच्या अर्जांत, आपल्या प्रवर्गांतील किती जण रुजू झाले नाहींत, हें विचारतां येतें. उत्तर तीस दिवसांत मिळावयास हवें. न्यायाधिकरणाकडे जाण्यास सामान्यतः एका वर्षाचीच मुदत आहे, ती चुकवूं नका. स्त्रियांस आणि अनुसूचित जाति-जमातींच्या लोकांस १९८७ च्या कायद्यानें मोफत वकील मिळतो. इतर बहुतेकांस मिळकतीची मर्यादा आहे. जिल्हा विधि सेवा प्राधिकरणाकडे चौकशी करा. एकाच यादींतले असाल तर एकत्र जा. आणि पुढच्या परीक्षेचा अभ्यास व घरचा धंदा मात्र सोडूं नका.

२६ जुलै १९०२ रोजीं शाहू छत्रपतींनीं कोल्हापुरांत रिकाम्या होणाऱ्या जागांपैकीं निम्म्या मागासलेल्या वर्गांतून भरण्याचा हुकूम काढला. त्या हुकमाचें मर्म ‘भरण्यांत’ होतें. जागा कागदावर ठेवून कोणाच्या घरची चूल पेटत नाहीं, हें आजच्या अधिकाऱ्यांनीं ध्यानांत घ्यावें.