पंचेचाळीस सामने, चार गोल

हॉकी म्हटले की आपल्यापुढे गवताचे मैदान उभे राहते आणि ध्यानचंद यांचे नाव ओठांवर येते. कॅनडात मात्र नुसते ‘हॉकी’ म्हटले की लोक बर्फावरची हॉकी समजतात. या आठवड्यात आम्ही वाचकांना त्या बर्फावर नेणार आहोत.

खेळ थोडक्यात असा. मैदान गोठवलेल्या पाण्याचे. पायांत पोलादी पात्यांचे बूट. चेंडूऐवजी काळ्या रबराची कडक चकती, तिला ‘पक’ म्हणतात. एका संघाचे एका वेळी सहा जण उतरतात, त्यांत एक गोलरक्षक. वीस-वीस मिनिटांचे तीन डाव होतात. अंगाला अंग भिडवून प्रतिस्पर्ध्याला अडवणे येथे नियमाला धरून असते. दात पडणे, टाके पडणे यांचे खेळाडूंना फारसे नवल वाटत नाही.

या खेळातील सर्वांत मोठी स्पर्धा नॅशनल हॉकी लीगची. ही लीग १९१७ साली मॉन्ट्रियल येथे स्थापन झाली. त्यानंतर चाळीस वर्षे तिच्या बर्फावर एकाही कृष्णवर्णीय खेळाडूचे पाऊल पडले नाही. काळी माणसे हा खेळ खेळतच नव्हती काय? खेळत होती. पूर्व किनाऱ्यावरील हॅलिफॅक्स शहरात कृष्णवर्णीयांनी आपल्या चर्चच्या आधाराने १८९५ सालीच स्वतःची लीग उभी केली होती. म्हणजे मोठी लीग जन्माला येण्याच्या बावीस वर्षे आधी! तेव्हा ‘त्यांना खेळता येत नाही’ ही सबब कोणालाच सांगता येण्यासारखी नव्हती.

टोरांटोचे हर्ब कार्नेगी यांचे उदाहरण घ्या. १९१९ साली जन्मलेले, जमैकाहून आलेल्या आईवडिलांचे हे पुत्र. क्यूबेक प्रांतातील लीगमध्ये ते, त्यांचे बंधू ऑसी आणि मॅनी मॅकिन्टायर असे तिघे कृष्णवर्णीय एकाच फळीत खेळत. त्या लीगचा सर्वोत्तम खेळाडूचा मान कार्नेगींनी लागोपाठ तीनदा मिळवला. परंतु तरुणपणीच त्यांच्या प्रशिक्षकाकडून एक गोष्ट त्यांच्या कानावर आली होती. या पोराला कोणी गोरा करून दिला तर उद्याच संघात घेतो, अशा अर्थाचे उद्गार टोरांटोच्या मोठ्या संघाच्या मालकाने काढले होते म्हणे. ते शब्द कार्नेगी आयुष्यभर विसरले नाहीत.

१९४८ साली न्यू यॉर्कच्या रेंजर्स संघाने त्यांना शिबिरास बोलावले. देऊ केली ती जागा मात्र मुख्य संघातली नव्हती, खालच्या संघातली होती, आणि पगार क्यूबेकमध्ये मिळत होता त्याहून कमी. घरी बायको होती, मुले होती. कार्नेगींनी नकार दिला. पोराबाळांचे पोट आणि स्वतःचा मान, दोन्ही पाहून माणसाने घेतलेला हा निर्णय होता. त्याला भित्रेपणा म्हणण्याचा अधिकार कोणाला आहे, असे आम्ही विचारतो.

दार शेवटी किलकिले झाले ते विली ओरी यांच्यासाठी. जन्म १५ ऑक्टोबर १९३५, न्यू ब्रन्सविक प्रांतातील फ्रेडरिक्टन गावी, एका मोठ्या कुटुंबात सर्वांत धाकटे. तिसऱ्या वर्षापासून पायांत पात्यांचे बूट. ते बेसबॉलही चांगले खेळत. १९५६ साली त्यासाठी अमेरिकेच्या दक्षिणेत, जॉर्जिया राज्यात त्यांना चाचणीस बोलावले गेले. अटलांटाच्या विमानतळावर उतरताच गोऱ्यांची स्वच्छतागृहे वेगळी आणि काळ्यांची वेगळी, अशा पाट्या त्यांनी पाहिल्या. निवड झाली नाही. परतीचा कित्येक दिवसांचा बसप्रवास त्यांनी मागच्या बाकावरून सुरू केला. बस उत्तरेकडे सरकू लागली तसतसे ते एकेक बाक पुढे येत गेले. घरी पोचेपर्यंत त्यांचे ठरले होते, यापुढे फक्त हॉकी.

पण त्याआधीच त्यांच्यावर एक मोठे संकट येऊन गेले होते. १९५५-५६च्या मोसमात उडालेली पक त्यांच्या उजव्या डोळ्यावर आदळली आणि त्या डोळ्याची दृष्टी जवळजवळ पूर्ण गेली. आता खेळणे नाही, असे डॉक्टरांनी सांगितले. सुमारे दोन महिन्यांत ओरी पुन्हा बर्फावर होते! एका डोळ्याने अंध असलेल्यास मोठ्या लीगमध्ये खेळण्यास मनाई होती. म्हणून अगदी जवळच्या माणसांखेरीज कोणालाही त्यांनी हे कळू दिले नाही.

याचा अर्थ काय ते नीट समजून घेऊ. ओरी डाव्या बगलेला खेळत. म्हणजे सारा खेळ त्यांच्या उजव्या हाताला, आंधळ्या बाजूला चाललेला! पक पाहायची तर मान पूर्ण वळवावी लागे, आणि तेवढ्यात कोणाचा तरी खांदा अंगावर येई. अशा स्थितीत १८ जानेवारी १९५८ रोजी मॉन्ट्रियलमध्ये ते बोस्टन ब्रुइन्सच्या वतीने उतरले आणि मोठ्या लीगचे पहिले कृष्णवर्णीय खेळाडू ठरले. तो सामना बोस्टनने ३-० असा जिंकला.

त्या मोसमात दोन सामने, पुढे १९६०-६१मध्ये त्रेचाळीस. एकूण पंचेचाळीस सामने, चार गोल. प्रेक्षकांतून शिव्या येत. शिकागो येथे एका प्रतिस्पर्ध्याने वर्णावरून घाण बोलून काठीचा दांडा तोंडावर मारला, त्यात त्यांचे दात गेले. मोसम संपल्यावर बोस्टनने त्यांना दुसऱ्या संघाच्या हवाली केले आणि मोठ्या लीगचे दार पुन्हा उघडले नाही. पुढे पश्चिमेकडील लीगमध्ये लॉस एंजेलिसला त्यांना उजव्या बगलेला खेळवण्यात आले. आता खेळ शाबूत डोळ्याच्या बाजूला आला. त्या लीगमध्ये दोन मोसमांत त्यांनी सर्वांत जास्त गोल केले! १९७९ साली, त्रेचाळीसाव्या वर्षी ते निवृत्त झाले.

येथे आम्ही आमच्या तरुण वाचकांना एक गोष्ट बजावून सांगतो. ओरी यांची जिद्द घ्या. इजा लपवणे घेऊ नका. आधीच बंद असलेले दार कायमचे बंद होईल या भीतीने त्यांनी ते केले. आपल्या मुलाला वा मुलीला खेळताना लागले, तर ते घरी मोकळेपणाने सांगता आले पाहिजे. ‘खेळायला जाऊच नकोस’ या धाकापोटी किती मुले दुखणे गिळतात, याचा आईवडिलांनीही विचार करावा.

ओरी यांच्यानंतर मोठ्या लीगमध्ये दुसरा कृष्णवर्णीय खेळाडू केव्हा आला? १९७४ साली, माइक मार्सन! मध्ये तेरा वर्षे कोरडी. एकाला आत घेतले म्हणजे भेदभाव संपला असे नसते, हे या तेरा वर्षांतून दिसते. नंतर मात्र ओघ वाढला. ग्रँट फ्यूर या गोलरक्षकाने एडमंटन संघातून स्टॅन्ली चषक पाच वेळा जिंकला. २००३ साली हॉकीच्या सन्मान-दालनात स्थान मिळवणारे ते पहिले कृष्णवर्णीय खेळाडू. टोरांटोतील सरकारी घरांच्या वस्तीत एकट्या आईने वाढवलेल्या अँजेला जेम्स हिने १९९०च्या पहिल्या महिला जागतिक स्पर्धेत पाच सामन्यांत अकरा गोल केले, आणि २०१० साली तीही त्या दालनात गेली. जरोम इगिन्ला याने २००२च्या हिवाळी ऑलिम्पिकमध्ये कॅनडाकडून सुवर्णपदक मिळवले.

आणि चार गोलांचे ओरी? १९९८पासून ते गावोगावच्या मुलांना हा खेळ शिकण्यास उत्तेजन देत फिरले. २०१८ साली त्यांना सन्मान-दालनात घेण्यात आले, २०२२मध्ये बोस्टनने त्यांचा २२ क्रमांक कायमचा राखून ठेवला. कार्नेगींनीही खेळ सोडल्यावर मुलांसाठी हॉकीची शाळा काढली होती. त्यांना २०२२ साली, मृत्यूनंतर दहा वर्षांनी तो मान मिळाला. दोघांचीही नोंद दालनाने खेळाडू म्हणून केलेली नाही, खेळाचे उभारणीकर्ते म्हणून केली आहे. एकाला मोठ्या लीगचे पंचेचाळीस सामने मिळाले, दुसऱ्याला एकही नाही. त्यांचे काम गोलांच्या तक्त्यात मावण्यासारखे नव्हतेच.

आपल्या घरांतही निकालाच्या दिवशी पहिला प्रश्न असतो, किती टक्के? कितवा नंबर? आकडे अवश्य विचारावेत. त्याचबरोबर ते पोर कोणत्या बाजूला उभे राहून, किती उजेडात, कोणाचे धक्के खात खेळले, हेही विचारावे. आणि एखाद्या ठिकाणी आपल्यातला पहिला माणूस पोचल्याची बातमी आली, तर पेढे जरूर वाटावेत. दुसरा केव्हा जाणार, हे मात्र त्याच दिवशी विचारायला सुरुवात करावी.