कॅमेरा कोणाच्या हाती होता?

माथेरानचे भाई कोतवाल आणि मानिवलीचे हिराजी पाटील २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडच्या रानात पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडले. न्हावी कुटुंबात जन्मलेल्या या वकिलाच्या आझाद दस्त्याने मुंबईला वीज नेणारे मनोरे पाडले होते. कर्जत-खालापूरच्या गावोगावी ती आठवण अजून सांगितली जाते.

या लढ्यावर अनुबोधपट काढावयाचा झाल्यास जुन्या चित्रफिती धुंडाळणाऱ्या संशोधकापुढे पहिला प्रश्न उभा राहील: हे दृश्य टिपणार कोण? भूमिगतांच्या मागे कॅमेरा हिंडत नसतो. १९४३ मध्ये कच्च्या फिल्मचे वाटप सरकारी नियंत्रणाखाली गेले. त्याच वर्षी ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ स्थापन झाली आणि तिचे युद्धप्रचाराचे पट दाखवणे चित्रगृहांना सक्तीचे झाले. राज्यकर्त्यांना जे दाखवावयाचे होते तेच प्रामुख्याने फितीवर उतरले.

म्हणूनच फिती मिळवल्या की या संशोधकाचे काम संपत नाही. डब्यावरील चिठ्ठी खरी आहे काय, दृश्य कोठले, केव्हाचे, कोणी व कोणासाठी टिपलेले, हे त्याला पडताळून पाहावे लागते. १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहातील लाठीमार १९४२ चा म्हणून जोडून दिला, तर पडदा भरेल. पण ती लबाडी उघडकीस येताच खऱ्या बलिदानावरही शंका घेण्याची सोय होईल.

खालापूर तालुक्यातच, चौकजवळ, २००५ मध्ये उभारलेल्या स्टुडिओत किल्ले आणि महाल रचून इतिहास चित्रित झाला. भाई कोतवालांवरही २०२० मध्ये कथापट आला. कथापटाला ती मुभा आहे. अनुबोधपटात मात्र नटांकडून करवून घेतलेले दृश्य पुराव्याच्या वेषात येता कामा नये. तसे पडद्यावर स्पष्ट लिहिले पाहिजे.

जे चित्रण झाले, तेही सारे टिकलेले नाही. १९६४ मध्ये स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट फितींचा मोठा साठा २००३ मध्ये पुण्यात आगीत जळाला. २०२२ मध्ये हे संग्रहालय आणि फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले. व्यवस्था कोणतीही असो, जनतेच्या पैशाने जपलेली दृश्ये सामान्य अभ्यासकाला परवडणाऱ्या दरात मिळालीच पाहिजेत, ही मागणी लावून धरावयास हवी.

कार्यकर्त्यांचेही एक कर्तव्य आहे. घराघरांतील छायाचित्रे, पत्रे, खटल्यांचे कागद यांवर नाव, गाव आणि तारीख नोंदवून ते जपले पाहिजेत. वृद्धांनी वडिलांकडून ऐकलेल्या हकिकती ध्वनिमुद्रित केल्या पाहिजेत. आणि जेथे चित्रणच नाही, तेथे अनुबोधपटाने ते निःसंकोच सांगावे. पडद्यावरील ती रिकामी जागाही एक साक्ष आहे: कॅमेरा त्या दिवशी कोणाच्या हाती होता, याची.