पडद्यावरचें नांव आणि वहींतलें काम

चित्रपटाच्या आरंभीं पडद्यावर जी नामावलि सरकते ती बहुतेक प्रेक्षक वाचीत नाहींत; कोणी जागा शोधीत असतो, तर कोणी शेजाऱ्याशीं बोलत असतो. आमचें म्हणणें असें कीं, ती वाचली पाहिजे, आणि तींतील सर्वांत बारीक अक्षरांतलीं नांवें आधीं वाचलीं पाहिजेत. हें मत बनण्यास फिनलंड देशाचे जुने बोलपट कारण झाले.

१९५० च्या सुमारास त्या देशाची लोकसंख्या अवघी ४० लाख होती. भाषा अशी कीं शेजारच्या राष्ट्रांतहि ती फारसे कोणी जाणीत नसत. तरीहि हेलसिंकी शहरांत १९१९ पासूनची 'सुओमी-फिल्मी' आणि १९३३ सालीं निघालेली 'सुओमेन फिल्मितेओल्लिसूस' अशा दोन मोठ्या कंपन्या चालत. दुसरीनें तर १९६५ त दिवाळें निघेपर्यंत २०० हून अधिक चित्रपट काढले! एवढ्या कामास माणसें अपुरीं पडत. एका चित्रपटांत दोन वाक्यें बोलून जाणारी नटी दुसऱ्यांत पटकथा-साहाय्यिका म्हणून आढळते. तिकडे या कामास 'कुवाउससिह्तेरी', म्हणजे चित्रीकरणाची चिटणीस, असें म्हणतात.

हें काम काय असतें? चित्रपटांतील प्रसंग कथेच्या क्रमानें चित्रित होत नाहींत. नायिका अंगणांतून घरांत येते. अंगण आज चित्रित होतें आणि घर तीन आठवड्यांनीं. त्या वेळीं तिच्या कोणत्या हातांत टोपली होती, रुमालाची गांठ कोणत्या बाजूस होती, मेणबत्ती किती जळली होती, तोच प्रसंग कितीदां घेतला व त्यांतला कोणता दिग्दर्शकास पसंत पडला, हें सर्व ही बाई वहींत टिपते. तिची एक नोंद चुकली तर सारें नाट्यगृह हसेल. ती कधींच चुकली नाहीं तर मात्र ती होती हेंहि कोणास कळत नाहीं. संमेलनांत पडद्याआड वही धरून उभ्या राहिलेल्या आमच्या वाचकांस याचा थोडासा अनुभव असेलच.

कोणी म्हणेल, ही कारकुनी झाली, कला नव्हे. हा आक्षेप आम्हांस मान्य नाहीं. कागदावर काम करणाऱ्या स्त्रीचें श्रेय किती सहज पुसट होतें, तें मिर्यामी कुओस्मानेन हिच्या उदाहरणावरून पाहा. १९५२ सालचा 'वाल्कोइनेन पेउरा', म्हणजे 'पांढरें रेनडियर', हा चित्रपट लॅपलंडच्या बर्फांत घेतलेला. मंत्रसामर्थ्यानें रेनडियर बनणाऱ्या पिरिता नांवाच्या स्त्रीची ती कथा. १९५३ त कान येथील महोत्सवांत, झां कोक्तो हे परीक्षकांचे अध्यक्ष असतांना, त्यास पारितोषिक मिळालें. पिरितेची भूमिका कुओस्मानेनची. तिचा चेहरा ज्यानें एकदां पाहिला तो विसरत नाहीं, हें खरें. परंतु या चित्रपटाची पटकथाहि तिनें आपले पति व दिग्दर्शक एरिक ब्लूमबर्ग यांच्यासह लिहिली होती, हें सांगण्यास लोक बहुधा विसरतात. नायिकेची ही गत, तर वही धरणारीची काय कथा!

त्या देशांतील एक गोष्ट मात्र आम्हांस अनुकरणीय वाटते. तेथें १९५७ सालीं चित्रपट-संग्रहालय स्थापन झालें, आणि पुढें प्रत्येक चित्रपटाच्या सविस्तर नोंदी तयार झाल्या. त्यांत दिग्दर्शकाप्रमाणें या चिटणिसांचींहि नांवें, जेवढीं मिळालीं तेवढीं, नोंदलेलीं आहेत. १९५९ त हेलसिंकींत एका कंपनीच्या साठ्यास आग लागून कित्येक जुन्या फिनिश चित्रपटांच्या फिती जळाल्या. त्यांतील कांहींचा आज एक तुकडाहि पाहावयास मिळत नाहीं. अशा चित्रपटांविषयीं आतां जें काय कळतें, तें कोणीतरी वेळींच लिहून ठेविलें म्हणूनच.