शेवयांची फी

बेलापूरची म्हटलं की समोरचा माणूस हमखास विचारतो, ‘म्हणजे नवी मुंबई?’ मग सांगावं लागतं, नाही हो, श्रीरामपूरजवळचं, प्रवरेकाठचं बेलापूर. गंमत म्हणजे रेल्वेने श्रीरामपूरला येणारा माणूस ‘बेलापूर’ अशी पाटी असलेल्या स्टेशनावरच उतरतो आणि खऱ्या बेलापूरला यायला त्याला पुन्हा रिक्षा शोधावी लागते. तर अशा या बेलापूरची मी, गेल्या सप्टेंबरात इटलीतल्या बोलोन्या शहरात एका बाईंच्या स्वयंपाकघरात ॲप्रन बांधून उभी होते आणि त्या मला पीठ मळायला शिकवत होत्या. छत्तीस वर्षं पोळ्या लाटलेल्या बाईला!

लेक म्युनिकला असते. तिथून बोलोन्याला थेट रेल्वे आहे. ‘आई, तुला एक मजा दाखवते,’ म्हणून तिने परस्पर नाव नोंदवून टाकलं. पास्ता शिकण्याचा वर्ग आणि नंतर त्याच घरात रात्रीचं जेवण. किती पैसे, ते आधी सांगितलंच नाही. घरात शिरल्यावर कळलं, माणशी शंभर युरो. म्हणजे आपले दहा हजार रुपये! दोघींचे वीस. मी तिथेच माघारी फिरणार होते.

बाई पंच्याहत्तरीच्या. इंग्रजी येत नाही, भाचीने दुभाषाचं काम केलं. आम्ही आठ जण शिकणारे होतो, अमेरिकेचे, कोरियाचे, कुठले कुठले. लांबलचक लाटणं, आपल्या दोन लाटण्यांएवढं. शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडं, हे तिथलं माप. बाईंनी मैद्याचं आळं केलं आणि अंडी फोडायला घेतली तेव्हा मी हळूच लेकीला म्हटलं, अगं, मी माळकरी आहे हे सांगितलंस का? तिने जीभ चावली.

मला वाटलं, आता आपण नुसतं बघायचं. पण बाई हसल्या, आत गेल्या आणि एक पिवळसर रव्याची पिशवी घेऊन आल्या. भाची म्हणाली, अंड्याचा पास्ता हा उत्तरेकडचा थाट. दक्षिणेत गरिबी होती, तिथे रवा आणि पाणी, बस्स. मी रवा चिमटीत घेतला आणि ओळखला. हा तर आपला बन्सी! तोच पिवळा रंग, तोच खरखरीत स्पर्श. इंग्रजीत ज्याला ड्युरम म्हणतात तोच हा गहू. दाणा टणक, त्यामुळे शिजल्यावर गिचका होत नाही. इटलीत वाळवलेला पास्ता याच गव्हाच्या रव्याचा असला पाहिजे असा १९६७ सालापासून कायदाच आहे. आणि आपल्याकडे म्हाताऱ्या बायका काय सांगायच्या? ‘शेवयांना बन्सीच घे, नाहीतर खपली घे.’ ती खपलीसुद्धा तिकडे आहे, फार्रो नावाने, आणि चांगली महाग मिळते. पुण्याची आघारकर संशोधन संस्था या दोन्ही गव्हांच्या वाणांवर वर्षानुवर्षं काम करते आहे. आपण मात्र दुकानातून ‘पास्ता’ म्हणून पाकीट आणतो आणि मुलांना खाऊ घालून पुढारल्यासारखं वाटून घेतो.

पुढचं काय सांगू! बाईंनी गोळ्याची वळी केली, बोराएवढे तुकडे कापले आणि सुरीच्या पात्याने एकेक तुकडा ओढून अंगठ्यावर उलटा केला. झाला छोटा कान. ओरेक्येत्ते, म्हणजे ‘छोटे कान’च. बारी नावाचं बंदराचं गाव आहे दक्षिणेत, तिथल्या जुन्या वस्तीत बायका घराच्या दारात टेबलं मांडून हे करतात आणि ते पाहायला जगभरचे लोक येतात. दहावा कान होईपर्यंत माझा हात बसला. बाई थबकल्या. भाचीकरवी विचारलं, ही आधी कुठे शिकलीय?

मग मी त्यांना विचारून कणकेची बारीक गोळी बोटांत वळली आणि गव्हला करून दाखवला. नखाने दाबून नखुली केली. त्या उठल्या आणि ड्रॉवरमधून एक खाचांची लाकडी पट्टी काढून आणली. तिला ते लोक फणीच म्हणतात. त्यावर काडीने चौकोनी तुकडा गुंडाळायचा की रेघारेघांची नळी होते, गार्गानेल्ली. मैत्रिणींनो, माझी आजी कोऱ्या लाकडी फणीवर फणुल्या करायची, अगदी अश्शाच! काडीवर पीठ गुंडाळून केलेले आपले सरगुंडे, जे आपण वाफवून आमरसाबरोबर खातो, त्याचाही भाऊबंद त्यांच्या सिसिली बेटावर आहे. कुणी कुणाकडून घेतलं असला वाद मी घालत नाही. गहू आणि बायकांची बोटं दोन्हीकडे होती, एवढं मला पुरेसं वाटलं.

जेवणाचंही थोडं सांगते, नाहीतर तुम्ही म्हणाल, खाल्लं काय? माझे कान कडवट पालेभाजी, लसूण आणि भरपूर ऑलिव्ह तेलात परतून आले. आपल्या मोहरीच्या पाल्याची आठवण झाली. वरून चीज किसणार होत्या, पण भाचीनेच थांबवलं. त्यांचं ते प्रसिद्ध पार्मेजान चीज वासराच्या जठरातल्या विरजणाने करतात, शाकाहारी लोकांना हे सांगायला हवं, म्हणाली. (परदेशी जाणाऱ्या माळकऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.) चीजऐवजी शिळ्या पावाचा चुरा तेलात खरपूस भाजून घातला. परवडत नसे तेव्हा दक्षिणेतले लोक चीजच्या जागी हेच घालायचे. शिळ्या भाकरीचा कुस्करा मला काही नवा नव्हता. पोटभर जेवले.

भिंतीवर बाईंच्या नवऱ्याचा फोटो होता. वारून बरीच वर्षं झाली म्हणे. नवरा गेल्यावर घर मोठं आणि रिकामं झालं, म्हणून वर्ग सुरू केला.

बोलोन्यातून निघताना लेकीने एक गोष्ट सांगितली ती मनात राहिली. त्या शहरात ताल्यातेल्ले नावाच्या चपट्या शेवईची शिजल्यावरची रुंदी किती असावी याचा नमुना सोन्यात घडवून १९७२ साली तिथल्या व्यापारी संघाकडे रीतसर जमा केला आहे. आठ मिलीमीटर! मला आधी हसू आलं. मग वाटलं, आपल्या शेवईचं माप कुणी घेतलं? सुईत ओवता येईल इतकी बारीक शेवई काढणाऱ्या बायका मी डोळ्यांनी पाहिल्यात. गेल्याच डिसेंबरात, २०२५ मध्ये, युनेस्कोने इटलीच्या पाककलेला अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतलं. ती बैठक झाली कुठे? दिल्लीत, लाल किल्ल्यात. त्याच बैठकीत आपली दिवाळीही यादीत गेली. बातमी वाचली तेव्हा मी फराळाचे रिकामे डबे घासून ठेवत होते.

आता मूळ गोष्टीवर येते. ती लिहायला जड जाते आहे.

आमच्या गल्लीत एक मावशी आहेत. सत्तरीच्या पुढच्या. यंत्राच्या शेवया गिरणीत मिळतात, पण मावशी अजून पाटावर हाताने करतात. गहू ओलवून, फडक्यात बांधून, दळून, सपीट वस्त्रगाळ करून, तेलाचा हात लावून पीठ तिंबायचं. मग तिरप्या पाटावर गोळा ठेवून तळव्याने लांबवत न्यायचं, दुसरीने धागे झेलून काठीवर टाकायचे. दोन किलो शेवयांना सकाळ जाते. खांदा रात्रभर ठणकतो. यंत्र आलं ते बरंच झालं असं मी मानते. ज्यांचे खांदे त्या पाटावर गेले त्यांना हातच्या शेवयांचं कौतुक सांगायला मी जाणार नाही. पण जे काम अजून कुणी हाताने करतं, त्याचं मोल तरी हाताचं असावं की नाही?

मागच्या उन्हाळ्यात मावशींनी किलोमागे वीस रुपये वाढवून मागितले. आणि मी, दोन्ही मुलं नोकरीला लागलेली मी, म्हणाले, ‘मावशी, घरच्यांना पण एवढे?’ त्या काही बोलल्या नाहीत. जुन्याच भावाने दिल्या. त्यानंतर पाच महिन्यांनी मी परक्या मुलखात पीठ मळण्याचे दहा हजार मोजले. ते ऐकून दचकले खरी, पण घासाघीस केली नाही. त्या रात्री हॉटेलात मला झोप आली नाही, आणि ते काही जेवणामुळे नव्हतं.

माझं म्हणणं असं की आपण बायका वस्तू विकायला शिकलो, विद्या विकायला शिकलो नाही. १९५९ साली गिरगावात सात जणींनी ऐंशी रुपये उसने घेऊन पापड लाटायला घेतले, त्याचं लिज्जत झालं. त्यानंतर बचत गट आले, प्रदर्शनं आली. छान झालं. पण प्रदर्शनातल्या त्या टेबलावर शेवयांची पुडी गिरणीच्या पुडीशेजारी ठेवली की गिऱ्हाईक भावच बघणार, कारण त्याला हात दिसत नाही. बोलोन्याच्या बाई पास्त्याच्या पुड्या विकत बसत्या तर त्यांचंही तेच झालं असतं. त्या तीन तास विकतात, त्यांचं स्वयंपाकघर आणि आईची आठवण विकतात. सगळे पैसे त्यांच्या हातात पडत नसणार, मध्ये नोंदणी करणारे असतातच. तरी दार त्यांचं, आणि शिकवणाऱ्या म्हणून मान त्यांचा.

तिथे सगळं गोड आहे असंही नाही. त्याच बारी गावात २०१९ साली एका हॉटेलात ओरेक्येत्ते कुठून आले याचा कागद सापडला नाही म्हणून अधिकाऱ्यांनी दंड केला, आणि दारात बसणाऱ्या बायका घाबरल्या की उद्या आपल्यावर येतं की काय. कागद-नोंदणीची कटकट तिथल्या बायकांनाही चुकलेली नाही.

आपल्याकडे शिर्डीला येणारे लाखो लोक आमच्या भागातून जातात. पुण्या-मुंबईच्या मुली हौसेने हुरडा पार्टीला येतात. त्यांतल्या सहा जणींना मावशींच्या पडवीत बसवून शेवया, गव्हले, सरगुंडे शिकवले आणि वर गुळवणी-सरगुंड्यांचं जेवण घातलं तर? मी हिशोब मांडून मावशींकडे गेले. माणशी पाचशे. त्यांनी डोळे मोठे केले. ‘पिठाला कुणी फी देतं का बाई? आन् माह्याकडून शिकायचं काय त्यात, हे तर समद्यांनाच येतं.’ मी म्हटलं, मावशी, मला येत नाही. लेकीला येत नाही. गल्लीत विचारून या, किती जणींना येतं. त्या गप्प झाल्या. सून मात्र आतून म्हणाली, ‘ताई, शिकवायला हरकत नाही, पण त्यांच्याकडून तिंबून घ्यायचं नाही. ते आलेल्या पोरींनीच करायचं.’ मला सुनेचं पटलं.

आणि एक दुसरं, जे मी तिथे बोलोन्यात फोटोखाली जेवताना टाळू शकले नाही. २०२२ च्या फेब्रुवारीत माझ्या लेकीचं लग्न झालं. मुहूर्ताच्या गव्हल्यांना पाच सवाष्णी बसवल्या. त्यांतल्या तिघींना गव्हला वळता येईना, नुसतं पीठ चिवडून हसत होत्या. ज्यांच्या बोटांतून गव्हाच्या दाण्यासारखा गव्हला पडतो त्या मावशी आत, मोरीशेजारी पीठ भिजवत होत्या. कारण त्या विधवा. त्यांना कुणी हटकलं नाही, त्या आपणहूनच आत गेल्या, आणि मी ‘बाहेर या’ म्हणाले नाही. तीनच महिन्यांनी कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला, सरकारने इतर गावांनाही तसं करायला सांगितलं. बातमी वाचून मी शेजारणीला मोठ्या तोंडाने म्हणाले होते, ‘बघा, किती चांगलं!’

येत्या वैशाखात मुलाचं लग्न आहे. परवा मावशींकडे पुन्हा गेले. म्हटलं, या वेळी गव्हल्यांना पहिला हात तुमचा. शेजारच्या काकू काय म्हणतील, आमच्याकडच्या आत्याबाई रुसतील का, हे सगळं मी रात्रभर घोळवून गेले होते. मावशींनी सूप खाली ठेवलं. बराच वेळ पदराने हात पुसत राहिल्या.

मग म्हणाल्या, ‘ते बघू. आधी माझे मागच्या उन्हाळ्यातले किलोमागचे वीस रुपये दे.’

चार किलोंचे ऐंशी झाले. दिले. मावशींनी मोजून घेतले.