विजयदुर्गच्या गोदीला काम हवे

जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले आणि कोल्हापूरकरांनी पन्हाळ्यापुरता आनंद साजरा केला. त्याच यादीत गगनबावड्याचा घाट उतरून गाठता येणारा विजयदुर्गही आहे. पण विजयदुर्ग म्हटले की आपण तटबंदीपाशीच थांबतो. वाघोटन खाडीत थोडे आत, गिर्ये-रामेश्वरच्या बाजूला असलेली आरमारी गोदी पाहायला फारसे कोणी जात नाही. कातळ खोदून केलेली ही गोदी सुमारे १०९ मीटर लांब आणि ७० मीटर रुंद आहे. भरतीच्या पाण्यावर गलबत आत घ्यायचे, ओहोटीला पाणी उतरले की तळाला चिकटलेली कालवे खरवडायची, किडीने पोखरलेल्या फळ्या बदलायच्या, फटी बुजवायच्या, असे इथले काम. आज तिथे गाळ आहे. या जागेभोवती नुसते कुंपण घालून भागणार नाही, तिथे पुन्हा होड्यांचे काम सुरू व्हायला हवे, असे माझे मत आहे.

त्याचे कारण इतिहासातच आहे. फेब्रुवारी १७५६ मध्ये समुद्रातून इंग्रजांचे आरमार आणि जमिनीवरून पेशव्यांची फौज तुळाजी आंग्र्यांच्या विजयदुर्गावर चालून आली. आंग्र्यांनी पूर्वी पकडलेल्या 'रिस्टोरेशन' या इंग्रजी जहाजाने पेट घेतला आणि आग पसरत तुळाजींचे आरमार बंदरातच जळून गेले. (स्वतःचेच आरमार परक्यांच्या मदतीने बुडवण्याचा हा पराक्रम आपण शाळेत जरा घाईनेच उरकतो.) तरीही त्याच बंदरातून आनंदराव धुळपांनी पेशव्यांचे आरमार चालवले आणि १७८३ मध्ये रत्नागिरीजवळ इंग्रजांचे 'रेंजर' हे जहाज पकडले. जहाजे जळाली तरी ती बांधणारे हात, सह्याद्रीतले लाकूड आणि दुरुस्तीची जागा शाबूत असेल, तर आरमार पुन्हा उभे राहते. तटबंदी कितीही बुलंद असली तरी ती हे काम करू शकत नाही.

कोल्हापूरला याचे काय, असे कोणी विचारेल. सिंधुदुर्ग कोल्हापूरच्या छत्रपतींकडे होता आणि मालवणात त्यांचे स्वतःचे आरमार होते. १७६५ मध्ये इंग्रजांनी तो किल्ला घेऊन त्याला 'फोर्ट ऑगस्टस' असे नावही दिले, पण पुढच्याच वर्षी तो परत करावा लागला. १८१२ च्या तहाने मात्र मालवण गेले आणि करवीरचा समुद्राशी असलेला संबंध तुटला तो तुटलाच.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे: फायबरच्या होड्यांच्या जमान्यात लाकडी होडीची गोदी कोणासाठी? इंग्लंडमधली चॅथमची आरमारी गोदी १९८४ मध्ये बंद झाली, तेव्हा तिथेही हाच प्रश्न होता. तिथल्या जुन्या दोरखान्यात आजही दोर वळले जातात आणि विकले जातात. लोक तिकीट काढून ते काम बघतात. विजयदुर्गला तेवढा पसारा नको. कोकणपट्टीवर जे थोडे होडीबांधणीचे सुतार उरले आहेत, त्यांच्या हाताखाली वर्षाला चार-सहा पोरे शिकली आणि दोन-तीन होड्या दुरुस्त झाल्या तरी पुष्कळ.

पैसा नाही, ही सबब पटणारी नाही. नौदलातून निवृत्त झालेली 'गुलदार' ही युद्धनौका निवतीजवळ समुद्रतळी पर्यटनासाठी बुडवायची म्हणून विजयदुर्गच्याच बंदरात आणली गेली. त्या योजनेला माझा विरोध नाही. जहाज बुडवायला निधी मिळतो, तर जहाजे दुरुस्त करणाऱ्या जागेलाही मिळायला हरकत नसावी. धोका आहे तो घाईचा. जेसीबी घालून गाळ उपसला तर त्यात दडलेले पुरावेही जातील, आणि खाडीकाठचे नियम आहेतच. शिवाय फलकावर काय लिहायचे, हेही तपासून ठरवावे लागेल. किल्ल्यावर हेलियमच्या शोधाचा गाजावाजा होतो; प्रत्यक्षात खगोलशास्त्रज्ञ लॉकियर विजयदुर्गला आले ते १८९८ च्या ग्रहणासाठी, शोधाच्या वर्षी, १८६८ मध्ये, ते इंग्लंडमध्ये होते. म्हणून आधी गोदीची रीतसर मोजणी आणि उत्खनन व्हावे, शिवाजी विद्यापीठाने त्यात हात घालावा, आणि सुशोभीकरणाची निविदा तोवर काढूच नये.