कॅमेरा घेऊन शेजारी बसलेला माणूस

‘जरा इकडे बघा’ असं कधीही म्हणायला ज्याला मुभा नव्हती, अशा एका छायाचित्रकारापासून आमचा हा अंक सुरू होतो. कनू गांधी महात्मा गांधींच्या सेवाग्राम आश्रमात हिशेब आणि पत्रव्यवहार बघायचे. उद्योगपती घनश्यामदास बिर्लांनी १०० रुपये दिले, त्यातून रोलायफ्लेक्स कॅमेरा आला. बापूंच्या अटी तीन: फ्लॅश नको, पोझ मागायची नाही, आश्रमाकडून खर्च मिळणार नाही. मग कुटीतल्या मंद उजेडात वाट पाहत बसणं, एवढंच हाती उरलं. कुष्ठरोगाने आजारी परचुरेशास्त्रींची सेवा करणारे बापू आपल्याला दिसतात ते या बसण्यामुळे. आणि १९४४ मध्ये, आगाखान पॅलेसमध्ये कस्तुरबांच्या अखेरच्या क्षणी, बापूंनी कॅमेरा उचलूच दिला नाही. तो न काढलेला फोटोही आम्हाला या कामाचाच भाग वाटतो.

हे आज का? कारण आपल्या वर्धा जिल्ह्यात, कपाशीच्या गावांत, शेतकरी गेला की कॅमेरे येतात, बाईला रडतं करतात आणि संध्याकाळच्या आत परततात. आम्हाला कॅमेरा घेऊन थांबून राहणाऱ्यांविषयी बोलायचं आहे. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ (२०१६) साठी महाराष्ट्रातल्या तंबूतल्या टॉकीजवाल्यांसोबत वर्षानुवर्षं काढली. असा संयम कुठून येतो, माहितीपटातल्या माणसाचा त्या माहितीपटावर हक्क किती, हे या अंकात आम्ही तपासतो आहोत.

तुमच्या दारी कधी कॅमेरा आला होता का? तो थांबला होता का? आम्हाला जरूर लिहा.